पिकाचूचा जन्मांक

पोकेमॉन हा लहान पोरांचा खेळ. त्यावर महाविद्यालयाच्या वार्षिकात लिहिण्यासारखे काय आहे, असे आमच्या वर्गातल्या दोघी-तिघींनी मला तोंडावर विचारले. प्राध्यापकांपैकी कुणी विचारले नाही, पण त्यांच्याही मनात ते येणारच. तेव्हा आरंभीच सांगते, की मला या खेळाची गोडी लागली ती त्यात लपवून ठेवलेल्या आकड्यांमुळे. दिसणाऱ्या आकड्यांवरून न दिसणारे आकडे कसे काढायचे, हे येथे मांडायचे आहे. त्यासाठी शाळेतल्या गणितापलीकडचे काही लागत नाही. मी स्वतः मराठी वाङ्मय घेतलेली विद्यार्थिनी आहे, एवढा पुरावा पुरे व्हावा.

खेळाची ओळख थोडक्यात करून देते. सातोशी ताजिरी या जपानी गृहस्थाला लहानपणी किडे गोळा करण्याचा नाद होता. पुढे त्याच्या गेम फ्रीक या कंपनीने २७ फेब्रुवारी १९९६ रोजी गेमबॉय या हातात धरायच्या यंत्रासाठी दोन खेळ काढले. रानोमाळ फिरायचे, चमत्कारिक प्राणी पकडायचे, पोसायचे, आणि दुसऱ्याच्या प्राण्यांशी त्यांची झुंज लावायची, असा तो प्रकार. आपल्याकडे गेमबॉय फारसा पोचला नाही. आधी पोचला तो दूरदर्शन संचावरचा पिकाचू, कार्टून नेटवर्कवर २००३ पासून. मग जुलै २०१६ मध्ये परदेशांत पोकेमॉन गो हा मोबाईलवरचा खेळ निघाला आणि डिसेंबर २०१६ मध्ये रिलायन्स जिओच्या भागीदारीने तो भारतात आला. यात घरी बसून भागत नाही, खरोखर चालावे लागते. मार्च २०२५ मध्ये मुंबईत त्याचा मोठा मेळाच भरला होता. आमच्या जठारपेठेत मेळा वगैरे नाही, पण संध्याकाळी मान खाली घालून चालणारी आणि मध्येच थबकणारी पोरे दिसली की ओळखावे. माझा धाकटा भाऊ त्यांतलाच.

त्याची अडचण अशी, की पकडलेले प्राणी ठेवायची जागा भरत जाते. ती वाढवायला नाणी लागतात. फुकटची नाणी थोडीथोडकी मिळतात, जास्त हवी असतील तर पैसे मोजावे लागतात, आणि ते आमच्या घरात या कामासाठी निघणे शक्य नाही. म्हणजे रोज काही प्राणी सोडून देणे आले. कोणते सोडायचे? शिवाय ठेवलेल्यांपैकी एखाद्याला पहिल्या पातळीपासून चाळिसाव्या पातळीपर्यंत वाढवायचे तर २,७०,००० स्टारडस्ट खर्ची पडते, आणि एक साधा प्राणी पकडला की मिळते १००. दुसरे मार्ग बाजूला ठेवले तर २,७०० प्राणी पकडावेत तेव्हा एक मोठा होतो. इतकी पायपीट ज्याच्यावर करायची तो मुळात कसा आहे, हे आधी कळायला नको का?

एकाच जातीचे दोन पिकाचू सारखे नसतात. पकडला जाण्याआधीच प्रत्येकाच्या अंगात काही आकडे पडलेले असतात आणि ते पडद्यावर कुठेही दिसत नाहीत. १९९६ च्या खेळांत असे चार आकडे होते, आक्रमण, बचाव, वेग आणि 'विशेष' या चार गुणांचे. प्रत्येक ० ते १५ यांपैकी. पाचवा गुण म्हणजे जीवशक्ती. पण तिचा आकडा वेगळा साठवलेलाच नव्हता! आक्रमणाचा आकडा विषम असेल तर ८, बचावाचा विषम असेल तर ४, वेगाचा असेल तर २ आणि 'विशेष'चा असेल तर १, यांची बेरीज तीच जीवशक्तीचा आकडा. त्या यंत्राची स्मृती इतकी तोकडी होती, की चार आकडे दोन बाइटांत नेमके मावत होते. पाचव्याला जागा कुठून आणणार? हे वाचले तेव्हा मला आमच्या घरातली एक खोली आठवली. तीच स्वयंपाकघर, तीच अभ्यासाची खोली.

२००२ पासूनच्या खेळांत हिशेब बदलला. गुण सहा आणि प्रत्येकाचा लपलेला आकडा ० ते ३१ असा झाला. जपानी खेळाडूंनी यासाठी तीन शब्द रूढ केले आहेत: शुझोकुची, कोताइची आणि दोर्योकुची. पहिला प्राण्याच्या प्रकाराचा, दुसरा त्या एका प्राण्याचा आणि तिसरा प्रयत्नाचा. मी त्यांना वंशांक, जन्मांक आणि श्रमांक म्हणते. पहिल्यासाठी 'जात्यंक' हा शब्द सुचला होता, पण आपल्याकडे 'जात' म्हटले की सोबत जे काही येते त्याचा या खेळाशी संबंध नाही, म्हणून टाळला.

सूत्र असे. वंशांकाची दुप्पट करा, तीत जन्मांक मिळवा, श्रमांकाचा चौथा हिस्सा मिळवा. या बेरजेला पातळीने गुणून १०० ने भागा, अपूर्णांक टाकून द्या आणि शेवटी ५ मिळवा. (जीवशक्तीसाठी शेवटची पायरी थोडी निराळी आहे. शिवाय प्राण्याच्या स्वभावाप्रमाणे एखादा गुण दहा टक्के वाढतो आणि दुसरा तेवढाच घटतो. आपण ज्याचा स्वभाव काहीच फरक करत नाही असा प्राणी धरू.) सगळी गंमत त्या टाकून दिलेल्या अपूर्णांकात आहे. जन्मांक लपतो तो तिथे.

उदाहरण घेऊ. पिकाचूचा वेगाचा वंशांक ९०, म्हणून दुप्पट १८०. त्याची अजून एकही झुंज झालेली नाही, तेव्हा श्रमांक शून्य. दहाव्या पातळीवर पडद्यावर वेग २४ दिसतो. त्यातून ५ वजा केले की राहिले १९. म्हणजे १८० अधिक जन्मांक ही बेरीज १९० ते १९९ यांच्यामध्ये आहे आणि जन्मांक १० ते १९ यांपैकी आहे. आता त्याला झुंज न लावता विसाव्या पातळीवर न्या. त्यासाठी रेअर कँडी नावाचा खाऊ मिळतो. त्याने पातळी वाढते आणि श्रमांक वाढत नाही. तिथे वेग ४४ दिसला, तर बेरीज १९५ ते १९९, म्हणजे जन्मांक १५ ते १९. पंचविसाव्या पातळीवर ५४ दिसला की पंधराही बाद. पन्नासाव्या पातळीवर १०३ दिसला तर उरतात फक्त १६ आणि १७. प्रत्येक पातळी निराळ्या ठिकाणी कात्री चालवते आणि सगळ्या कात्र्यांतून जे उरते ते उत्तर. मी हे चौकडीच्या वहीत उभे-आडवे मांडून करते. नंतरच्या खेळांत आकड्यांचा अंदाज सांगणारा परीक्षक बसवलेला आहे, पण त्याला विचारण्यात ती मजा नाही.

श्रमांकाविषयी थोडे विस्ताराने लिहायला हवे, कारण माझे मन तिथे अडकले. प्राणी झुंज जिंकला की हरलेल्याच्या प्रकाराप्रमाणे त्याच्या एखाद्या गुणात एक ते तीन श्रमांक जमा होतात. सगळे मिळून ५१० ची मर्यादा आहे आणि एका गुणात २५२ पर्यंतच उपयोग होतो. २५२ चा चौथा हिस्सा ६३. म्हणजे शंभराव्या पातळीवर जन्म जास्तीत जास्त ३१ देतो आणि श्रम ६३, दुपटीहून अधिक. शून्य जन्मांकाचा पण पुरा राबलेला पिकाचू वेगात २४८ वर जातो; ३१ जन्मांकाचा पण कधी न लढलेला २१६ वरच राहतो. आमच्या घरात माझ्याआधी कुणी महाविद्यालयाची पायरी चढलेले नाही. ही वजाबाकी मी दोनदा करून पाहिली ती उगाच नाही.

पण गणित तिथे थांबत नाही. स्नॉरलॅक्स नावाचा एक झोपाळू, अगडबंब प्राणी आहे. त्याचा वेगाचा वंशांक ३०. त्याला जन्मांक ३१ द्या, श्रमांक पुरा द्या, अनुकूल स्वभावही द्या, तरी शंभराव्या पातळीवर तो १७४ वर थांबतो. आणि शून्य जन्मांकाचा, काहीही न केलेला पिकाचू जन्मतःच्या जोरावर १८५ वर असतो. हे मला आवडले नाही. अर्थात स्नॉरलॅक्सला जीवशक्ती भरमसाट मिळालेली आहे, त्याला वेगात पळवणे हाच मूर्खपणा. पुढे २०१६ च्या सन आणि मून या खेळांत शंभराव्या पातळीच्या प्राण्याचा कमी पडलेला जन्मांक भरून काढायचीही सोय झाली.

पोकेमॉन गोमध्ये श्रमांक नाहीतच. तिथे आक्रमण, बचाव आणि दम असे तीनच गुण, आणि प्रत्येकाचा जन्मांक ० ते १५. पडद्यावर मोठ्या अक्षरांत दिसतो तो सी. पी. नावाचा एकत्रित आकडा. चौकातली पोरे त्याच्यावरच भाळतात: मोठा सी. पी. ठेवा, लहान सोडा. हे बैलाचे दात पाहून बैल घेण्यासारखे आहे. दोन दाती, चार दाती, जुळलेला, यावरून बैलाचे वय कळते. बाबा म्हणतात, "वय समजते, पन वढ्ते कसा हे गाडीले जुंपल्याबिना समजत नाई." सी. पी. मध्ये मुख्य वाटा पातळीचा असतो. विसाव्या पातळीचा पिकाचू तिन्ही जन्मांक शून्य असला तर ४१२ सी. पी. चा आणि तिन्ही पंधरा असले तर ५३६ चा. पण तिन्ही शून्य असलेला तिसाव्या पातळीचा पिकाचू ६०० च्या पुढे दिसतो! पोरगा तो ठेवतो आणि ५३६ वाला सोडून देतो. पातळी स्टारडस्ट खर्चून वाढवता येते, जन्मांक तसा वाढत नाही, हे त्याला कुणी सांगितलेले नसते.

पहिल्या काही आठवड्यांत खेळाडू हे जन्मांक तर्काने काढत. पुढच्या वाढीला किती स्टारडस्ट मागतात यावरून पातळीचा पट्टा ठरे, जीवशक्तीवरून दमाचा आकडा आणि मग सी. पी. वरून उरलेले दोन. ऑगस्ट २०१६ मध्ये गटनायकांचा शाब्दिक अभिप्राय आला आणि २०१९ पासून सरळ तीन पट्ट्या दिसतात. प्रत्येक पट्टीत पाच-पाचाचे तीन तुकडे. बेरीज ४५ भरली तर चार तारे, ३७ ते ४४ ला तीन. रानात पकडलेल्या प्राण्याचे तिन्ही पंधरा असण्याची शक्यता ४,०९६ मध्ये एक, कारण सोळाचा घन तितका होतो. हवामानाची कृपा असलेल्या प्राण्याचा प्रत्येक आकडा किमान ४ असतो, म्हणून ती १,७२८ मध्ये एक होते. कडक ऊन पडले की अग्निप्रकारच्या प्राण्यांवर ही कृपा होते. अकोल्याच्या मे महिन्यात त्यांची चंगळ असायला हवी, पण दुपारी एक वाजता जठारपेठेच्या रस्त्यावर पकडायला जाणार कोण?

आणि एवढे करून जास्त तारे म्हणजे चांगला, हेही सरसकट खरे नाही. एका स्पर्धेत १,५०० सी. पी. च्या वरचा प्राणी चालत नाही. सी. पी. काढताना आक्रमण पुरे धरतात, बचाव आणि दम यांचे मात्र वर्गमूळ. म्हणजे आक्रमणाचा जन्मांक जास्त असला की तो सी. पी. ची मर्यादा लवकर खाऊन टाकतो. आक्रमण ०, बचाव १५, दम १५ असा दोन ताऱ्यांचा प्राणी त्याच मर्यादेत जास्त पातळ्या चढतो आणि अनेकदा पूर्ण पंधरावाल्यापेक्षा चिवट ठरतो. पिकाचूला हा नियम लागू नाही, तो बिचारा १,५०० पर्यंत पोचतच नाही. भावाच्या पेटीतले दोन ताऱ्यांचे प्राणी आता माझ्या वहीतून गेल्याशिवाय सुटत नाहीत.

राहता राहिली अदलाबदल. ती केली की तिन्ही जन्मांक नव्याने पडतात, म्हणून "हा चांगला आहे" असे सांगून मित्राच्या गळ्यात वाईट प्राणी बांधता येत नाही. बैलबाजारात रुमालाखाली बोटे धरून भाव ठरतो, तिथे हे सुख नाही. मैत्री जितकी मुरलेली तितका नव्या आकड्यांचा तळ वर असतो. सर्वांत पक्क्या मित्रासाठी तो ५, आणि कधी नशिबाची अदलाबदल घडली तर १२. तेव्हा तिन्ही पंधरा पडण्याची शक्यता चौसष्टात एक. भावाने असे अकरा प्राणी आजवर घेतले आहेत. पंचेचाळीस बेरजेचा त्यांत एकही नाही. एकाची चव्वेचाळीस आहे, दम चौदा.