ड्यूरिनचा दिवस आणि आपली प्रतिपदा

बालवाचकांसाठी लिहिलेल्या पुस्तकात कधी कधी थोरांनी थांबून विचार करावा असा एखादा प्रसंग भेटतो. ऑक्सफर्ड विद्यापीठात प्राचीन इंग्रजीचे अध्यापन करणारे प्राध्यापक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांची ‘द हॉबिट’ ही अद्भुतकथा १९३७ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झाली. तीत आलेल्या एका कल्पित सणाची ओळख वाचकांना करून देण्याचे आम्ही येथे योजिले आहे. सण कल्पित खरा; परंतु त्याच्याशी निगडित असलेले शल्य आम्हां बृहन्महाराष्ट्रातील मंडळींना परके नाही.

कथेतील बुटक्यांची जमात ही धातुकामात निष्णात. त्यांचे डोंगरातील वैभवशाली राज्य एका अग्निमुखी सर्पासुराने बळकावले आणि ही मंडळी देशोधडीला लागली. लोहारकाम करून, कोळसा खणून परमुलखात पोट भरू लागली. त्यांचा आदिपुरुष ड्यूरिन. पानगळीच्या ऋतूतील शेवटच्या चांद्रमासाचा पहिला दिवस हा त्यांचा वर्षारंभ आणि त्या दिवशी सूर्य व नवा चंद्र हे दोन्ही एकाच वेळी आकाशात दिसले, तरच त्यास ‘ड्यूरिनचा दिवस’ म्हणावयाचे. म्हणजे हा सण माणसाने ठरवून येत नाही. आकाशातील दोन दिव्यांची गाठ पडावी लागते.

बुटक्यांपाशी वाडवडिलांचा एक नकाशा असतो. त्यावर चंद्राक्षरांत एक मजकूर लिहिलेला असतो. ज्या ऋतूत व चंद्राच्या ज्या कलेत ती अक्षरे लिहिली, त्याच ऋतूत व त्याच कलेच्या प्रकाशात ती उमटतात. ती वाचतो कोण? बुटके नव्हेत, तर एलरॉन्ड नावाचा परजातीचा ज्ञानी यजमान. ड्यूरिनच्या दिवशी मावळत्या सूर्याचा अखेरचा किरण डोंगरातील गुप्त दाराचे कुलूप दाखवील, असा त्याचा आशय. त्यावर बुटक्यांचा नायक थोरिन खिन्नपणे सांगतो की, तो दिवस केव्हा येईल हे वर्तविण्याची विद्या आता आपल्या लोकांत उरलेली नाही.

आमच्या मते कथेचे मर्म येथे आहे. सणाचे नाव राहिले, अभिमान राहिला, वर्षारंभाची व्याख्याही मुखोद्गत राहिली. गेले ते गणित. पुढे तो दिवस उगवतो, तेव्हा तो येणार याची कोणालाच कल्पना नसते. बिल्बो हा त्यांचा परका सोबती उंबऱ्याशी बसलेला असतो, म्हणून पश्चिमेकडील चंद्राची कोर आणि दगडावर गोगलगाय फोडणारा पक्षी त्याच्या दृष्टीस पडतो व दार सापडते. वारस घरचे, पण खूण ओळखली परक्याने!

या कल्पनेमागील खगोल मात्र कल्पित नाही. अमावास्येनंतर चंद्र दररोज सुमारे १२ अंशांनी सूर्यापासून पूर्वेकडे सरकतो. त्यामुळे प्रतिपदेची कोर सूर्याच्या पाठोपाठ मावळते आणि बहुधा दिसतच नाही. म्हणूनच आपल्या पंचांगात ‘चंद्रदर्शन’ हा शब्द पुष्कळदा द्वितीयेसमोर छापलेला आढळतो. सूर्य क्षितिजावर असतानाच ती कोर दिसणे हा योग दुर्मिळ. शिवाय बारा चांद्रमासांचे दिवस सुमारे ३५४. सौरवर्षाहून ते ११ दिवसांनी कमी. हा मेळ आपण अधिकमासाने घालतो. बुटक्यांची पंचाईत काय होती, हे अधिकमास ठाऊक असलेल्या घरास सांगावे लागू नये. टॉल्किन स्वतः या बाबतीत काटेकोर होते. पुढील मोठी कादंबरी लिहिताना आपला चंद्र अशक्य स्थळी उगवतो-मावळतो आहे असे ध्यानात येताच, १९४४ साली त्यांनी मागील प्रकरणांतील मजकूर पुन्हा लिहून काढला.

आता आपल्याकडे पाहू. बडोद्याच्या गुजराती शेजाऱ्याचे नवे संवत्सर कार्तिक शुद्ध प्रतिपदेस लागते. आपला तो दिवाळीचा पाडवा, आणि आपले वर्ष चैत्रात उभारलेल्या गुढीने सुरू होते. इंदूर-ग्वाल्हेरकडे महिना पौर्णिमेस संपतो. म्हणून लक्ष्मीपूजनाची जी अमावास्या आपली आश्विनातली, तीच शेजाऱ्यांची कार्तिकातली. आकाशातील चंद्र एकच, शुद्ध पक्षात महिन्याचे नावही एकच. वद्य पक्षात मात्र नाव निराळे. हे असे का, हे आपल्या किती मुलांना सांगता येईल? शिक्षक या नात्याने आमचा अनुभव असा की, भाऊबीज किती तारखेस हे सारे सांगतात. त्या सायंकाळी चंद्र कोणत्या दिशेस दिसेल, असे विचारले की वर्ग स्तब्ध होतो.

१९७३ पासून ‘कालनिर्णय’ भिंतीवर आले आणि प्रवासी संसारांची मोठी सोय झाली. सोयीस आमचा विरोध नाही. पण छापील वेळ एका गावची असते. मुंबई आणि इंदूर यांच्या रेखांशांत जवळजवळ ३ अंशांचे अंतर आहे. तेवढ्यानेच वेळेत सुमारे १२ मिनिटांचा फरक पडतो. संकष्टीला मुंबईचा चंद्रोदय पाहून इंदुरात ताट वाढणाऱ्या गृहिणीस हे कोणी समजावून द्यावयाचे? शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी भारतीय ज्योतिषाचा इतिहास १८९६ साली मराठीत लिहून ठेवला. विद्या आपल्या भाषेत आहे. आपण ती उघडावयाची आहे.

मुलखापासून दूर राहणाऱ्या समाजाचा सण प्रथम पक्वान्नांत उरतो, मग तारखेत, आणि अखेर केवळ नावात. बुटक्यांचे तसेच झाले. यावर उपाय अवघड नाही. येत्या दिवाळीत भाऊबीजेच्या सायंकाळी सूर्य मावळताच घरातील मुलांना गच्चीवर न्यावे, पश्चिमेकडे तोंड करून उभे करावे आणि कोर दिसेपर्यंत धीर धरण्यास सांगावे. मग तिथी म्हणजे काय, हे त्या कोरीकडे बोट दाखवून समजावून द्यावे. ओवाळणी त्यानंतर झाली तरी भाऊराया रुसणार नाही.