चौघी बहिणी, एक आई आणि घरखर्चाचा हिशेब

लुइझा मे अल्कॉट (१८३२–१८८८) ही एकोणिसाव्या शतकातली अफाट खपाची अमेरिकन कादंबरीकार. ‘लिटल विमेन’ ही तिची सर्वांत गाजलेली कादंबरी मराठीत शांता शेळके यांनी ‘चौघीजणी’ या नावाने आणली. मेग, ज्यो, बेथ आणि अ‍ॅमी या चार मार्च बहिणी तेव्हापासून मराठी घरांत वावरत आल्या आहेत. लेखिकेचे नाव पुष्कळांना आठवत नाही, ज्यो मात्र आठवते. लोकप्रिय कादंबरीच्या वाट्याला येणारे हे नेहमीचे भाग्य म्हणायचे.

अमेरिकेत बायकांच्या कादंबऱ्या हातोहात खपायला लागल्या त्या लुइझाच्या आधीच. १८५० मध्ये सुझन वॉर्नरची ‘द वाइड, वाइड वर्ल्ड’, १८५२ मध्ये हॅरिएट बीचर स्टोची ‘अंकल टॉम्स केबिन’ आणि १८५४ मध्ये मारिया कमिन्सची ‘द लॅम्पलायटर’ निघाली. स्टोच्या पुस्तकाच्या पहिल्या वर्षातच तीन लाख प्रती गेल्या. शाळेत शिकलेल्या मुली आणि गृहिणी हा मोठा वाचकवर्ग तयार झाला होता, छपाई स्वस्त झाली होती आणि साप्ताहिकांना दर अंकात गोष्ट हवी असे. नॅथॅनिएल हॉथॉर्नसारखा मोठा लेखक या बायकांच्या खपावर खाजगी पत्रांतून चिडचिड करत होता. तोच पुढे कॉन्कॉर्ड गावात अल्कॉट कुटुंबाचा शेजारी झाला.

लुइझाचे वडील ब्रॉन्सन अल्कॉट हे तत्त्वज्ञ, शिक्षणसुधारक आणि कमाईच्या बाबतीत पूर्ण निरुपयोगी गृहस्थ. बोस्टनमधली त्यांची शाळा वादात सापडून बंद पडली. १८४३ मध्ये त्यांनी ‘फ्रूटलँड्स’ नावाची सामुदायिक वसाहत काढली. तिथे मांस, दूध, अंडी वर्ज्य होती आणि गुलामांच्या श्रमातून येतो म्हणून कापूसही वर्ज्य होता. तत्त्वे उदात्त होती, पण पीक काढायच्या वेळी पुरुषमंडळी व्याख्याने द्यायला बाहेरगावी असत. शेतात राबायच्या त्या बायको अबिगेल आणि मुली. थंडी पडेपर्यंत प्रयोग कोसळला. पुढे अबिगेलने बोस्टनमध्ये गरिबांच्या साहाय्याचे पगारी काम धरले. आई कमावती, वडील विचारवंत आणि डोक्यावर कर्ज, अशा घरात लुइझा वाढली. शेजार मात्र असामान्य होता. तत्त्वज्ञ एमर्सन घराण्याचे स्नेही होते, अडचणीला पैसेही देत. थोरो मुलांना रानात हिंडवून झाडे-पाखरे दाखवी. याच थोरोचे ‘वॉल्डन’ दुर्गा भागवतांनी ‘वॉल्डनकाठी विचारविहार’ म्हणून मराठीत आणले. कॉन्कॉर्डसारख्या छोट्या गावातून मराठीला दोन पुस्तके मिळाली, आणि दोन्ही बायकांनी आणली.

घर चालवायला लुइझाने शिवणकाम केले, मुलांना शिकवले, एका घरी मोलकरीण म्हणूनही राहिली. ‘फ्लॉवर फेबल्स’ हे तिचे पहिले पुस्तक बाविसाव्या वर्षी निघाले. यादवी युद्ध पेटल्यावर, डिसेंबर १८६२ मध्ये, ती वॉशिंग्टनजवळच्या सैनिकी इस्पितळात परिचारिका झाली. काही आठवड्यांतच तिला विषमज्वर झाला आणि त्या काळच्या रिवाजाप्रमाणे पाऱ्याचे औषध देण्यात आले. तिची प्रकृती पुढे कधीच पूर्ण सावरली नाही आणि तिचा स्वतःचा रोख या औषधावरच होता. घरी लिहिलेल्या पत्रांतून ‘हॉस्पिटल स्केचेस’ (१८६३) तयार झाले आणि लेखिका म्हणून तिच्याकडे लोकांचे लक्ष गेले.

याच सुमारास ती साप्ताहिकांना सनसनाटी कथा पुरवत होती. सूड, अफू, वेषांतर, पुरुषांना खेळवणाऱ्या कावेबाज नायिका असा त्यांतला मसाला. काही निनावी छापल्या गेल्या, काही ‘ए. एम. बर्नार्ड’ या टोपणनावाने. एका कथेला शंभर डॉलरचे बक्षीस मिळाले. हे गुपित १९४३ पर्यंत टिकले. लिओना रोस्टेनबर्ग या ग्रंथसंशोधिकेला प्रकाशकाची पत्रे सापडली तेव्हा सोज्वळ मुलींची लेखिका हीच बर्नार्ड, हे जगाला कळले. त्यांतली ‘बिहाइंड अ मास्क’ (१८६६) आजही वाचावी अशी आहे. तीत गरीब शिक्षिका होऊन श्रीमंत घरात शिरलेली बाई सगळ्यांना फसवते, आणि लेखिका तिला शिक्षा करत नाही.

‘लिटल विमेन’ ही लेखिकेची हौस नव्हतीच. बोस्टनच्या ‘रॉबर्ट्स ब्रदर्स’चे टॉमस नाइल्स यांनी मुलींसाठी गोष्ट मागितली आणि लुइझा टाळत राहिली. आपल्या बहिणींखेरीज आपल्याला मुली फारशा ठाऊक नाहीत, अशी तिची सबब होती. अखेर मे १८६८ मध्ये ती बसली, आणि ज्या बहिणी ठाऊक होत्या त्याच तिने लिहिल्या. थोरली अ‍ॅना म्हणजे मेग, १८५८ मध्ये वारलेली एलिझाबेथ म्हणजे बेथ, चित्रकार मे म्हणजे अ‍ॅमी आणि ज्यो ती स्वतः. दोन-अडीच महिन्यांत हस्तलिखित पूर्ण झाले. नाइल्सना सुरुवातीची प्रकरणे नीरस वाटली होती, पण त्यांच्या घरातल्या मुलीने ती वाचून पसंतीची पावती दिली. सप्टेंबर १८६८च्या अखेरीस पुस्तक निघाले आणि २,००० प्रतींची पहिली छपाई बघता बघता संपली.

कथानक म्हणाल तर जेमतेम आहे. वडील युद्धावर, घरात आई आणि चार मुली. मेग श्रीमंतांच्या मुलांना शिकवते, ज्यो चिडखोर आत्याबाईंची सोबत करते. नाताळचा नाश्ता चौघी उचलून एका उपाशी कुटुंबाला देतात. वडील आजारी पडल्याची तार येते तेव्हा ज्यो आपले लांबसडक केस विकून पंचवीस डॉलर आणते. अ‍ॅमीच्या शाळेत खारवलेल्या लिंबांची चढाओढ असते. जिच्याकडे लिंबे तिची पत, आणि अ‍ॅमीवर लिंबांची उधारी. मास्तर लिंबे खिडकीबाहेर फेकायला लावून तिच्या तळहातावर छडी मारतात. आई तिला शाळेतून काढते आणि नियम मोडल्याबद्दल कानही उपटते. ही चार पाने वाचताना कोकणातल्या मुलीला मॅसॅच्युसेट्स मुळीच दूरचे वाटू नये. पुस्तकातला जवळजवळ प्रत्येक प्रसंग असा कुठल्या तरी रकमेशी, हातमोज्यांशी, जुन्या झग्याशी बांधलेला आहे. गरिबीवर व्याख्यान देण्याऐवजी लेखिका हिशेब मांडते, आणि तिचे खरे सामर्थ्य तिथे आहे.

रत्नागिरीच्या वाचकाला हे घर आणखी एका कारणाने ओळखीचे. कर्ता पुरुष दूर, घर बायकांच्या हाती आणि सगळ्यांचे डोळे टपालाकडे, ही इथल्या कित्येक पिढ्यांची घडी. मुंबईच्या गिरण्यांनी या जिल्ह्यातून माणसे ओढून नेली. चाकरमानी शिमग्याला, गणपतीला घरी येई. एरवी यायची ती मनीऑर्डर आणि पोस्टकार्ड. २०११च्या जनगणनेतही रत्नागिरी जिल्ह्यात हजार पुरुषांमागे १,१२२ स्त्रिया होत्या, राज्यात सर्वांत जास्त. घरातल्या बायका एकमेकींशी कशा भांडतात, काय वाटून खातात, आलेले पत्र कोण मोठ्याने वाचते, या गोष्टींवर अख्खी कादंबरी उभी राहू शकते याचे म्हणूनच इथे नवल वाटायला नको.

याच जिल्ह्याने मराठीला ‘श्यामची आई’ दिली. साने गुरुजींचे पालगड दापोली तालुक्यातले. नाशिकच्या तुरुंगात १९३३च्या फेब्रुवारीत काही दिवसांतच त्यांनी हे पुस्तक लिहून काढले आणि ते १९३५ मध्ये प्रसिद्ध झाले. दोन्ही पुस्तके स्वतःच्या घरातून उचललेली, दोन्हींत पैशाच्या व्यवहारात अपयशी वडिलांच्या घराचा अनुभव, दोन्हींत दारिद्र्यात ताठ मानेने संस्कार करणारी आई. फरक आहे तो सांगणाऱ्यात. श्याम मुलगा आहे आणि आई गेल्यावर बोलतो आहे, त्यामुळे ती देवत्वाला पोचते. मार्च बहिणींची आई जिवंत, समोर, स्वयंपाकघरात आहे. ज्यो आपल्या संतापी स्वभावाने रडकुंडीला येते तेव्हा आई सांगते की मलाही जवळजवळ रोजच राग येतो, तो गिळायला मी चाळीस वर्षे शिकते आहे. मुलींच्या पुस्तकात आईने रागाची अशी कबुली देणे १८६८ मध्ये मोठे धाडस होते. श्यामच्या आईला ती देण्याची मुभा तिच्या लेकाने दिली नाही.

पहिला भाग मेगच्या वाङ्निश्चयापाशी संपतो. वाचक मुलींनी पत्रांचा पाऊस पाडला. ज्योचे लग्न शेजारच्या लॉरीशी लावा, एवढीच सगळ्यांची मागणी. ज्यो अविवाहित लेखिकाच राहावी अशी लुइझाची इच्छा होती; ती स्वतः तशीच राहिली. शेवटी तिने खोडसाळपणे वाट काढली आणि ज्योची गाठ बेअर नावाच्या चाळिशीच्या, वेंधळ्या जर्मन प्राध्यापकाशी घालून दिली. दुसरा भाग एप्रिल १८६९ मध्ये निघाला. बेथचा मृत्यू त्यात आहे, आणि ती पाने संयमाने लिहिलेली आहेत. बेअर मात्र अनेकांच्या घशाखाली आजही उतरत नाही, आणि त्यांचे चुकते असे म्हणता येणार नाही. हेच प्राध्यापक ज्योच्या सनसनाटी कथांना नाके मुरडतात आणि ती त्या जाळून टाकते. लुइझाने अशा कथांवर घर चालवले होते. १८७७ मध्ये ‘अ मॉडर्न मेफिस्टॉफिलीस’ ही त्याच जातीची कादंबरी तिने निनावी छापलीही.

मराठीत येताना मोठा अडसर होता तो धर्माचा. बहिणींचा सगळा खेळ जॉन बन्यनच्या ‘पिलग्रिम्स प्रोग्रेस’ या ख्रिस्ती रूपककथेवर रचलेला आहे. बन्यनचे पुस्तक हरी केशवजींनी १८४१ मध्येच ‘यात्रिकक्रमण’ म्हणून मराठीत नेले होते, तरी सर्वसाधारण मराठी घरात ते रुजलेले नव्हते. शांताबाईंनी नावे, सण, खाणेपिणे सगळे अमेरिकनच ठेवले; मार्च बहिणींना पुण्याच्या वाड्यात आणून बसवले नाही. त्यांच्या जमेची बाजू म्हणजे संवाद. कवयित्रीचा कान, पत्रकारितेतली सफाई आणि बायकी बोलण्याची जाण त्यांच्याकडे होती. लुइझा पैशासाठी राजरोस लिहीत होती तेव्हा आपल्याकडे काय होते हेही पाहावे. काशीबाई कानिटकर (१८६१–१९४८) लग्न झाल्यावर, घरच्यांची बोलणी खात वाचायला शिकल्या. त्यांची ‘रंगराव’ ही कादंबरी पुस्तकरूपाने १९०३ मध्ये आली. अमेरिकन वाचक-बायकांच्या पैशाची ताकद आपल्याला कळली ती पंडिता रमाबाईंमुळे. त्यांच्या शारदा सदनासाठी मदत उभारणारी संस्था डिसेंबर १८८७ मध्ये बोस्टनमध्येच स्थापन झाली.

पुढच्या कादंबऱ्यांत ‘लिटल मेन’ (१८७१) आणि ‘जोज बॉइज’ (१८८६) या मार्च कुटुंबाच्याच. ज्यो तिथे मुलांची शाळा चालवते. वडिलांच्या बुडालेल्या शाळेला लेकीने कागदावर दिलेले हे यश होते. ‘अ‍ॅन ओल्ड-फॅशन्ड गर्ल’ (१८७०) उपदेशाने जड झाली आहे. ‘वर्क’ (१८७३) ही प्रौढांसाठी असून बाईने पोटासाठी करायच्या नाना कामांची कहाणी आहे. ती जास्त वाचली जायला हवी होती. ‘एट कझिन्स’ (१८७५) मध्ये डॉक्टर काका अनाथ पुतणीची आवळलेल्या झग्यांतून सुटका करून तिला धावायला लावतो. ‘जोज बॉइज’ लिहीपर्यंत लेखिका थकली होती आणि शेवटच्या पानांत ते लपत नाही. भूकंपात सगळ्या पात्रांना गाडून टाकण्याचा मोह होतो, असे ती तिथे थट्टेत म्हणून जाते.

पैसा मात्र तिने नीट सांभाळला. ‘लिटल विमेन’च्या वेळी नाइल्सनी एकरकमी मोबदल्याऐवजी हक्क स्वतःकडे ठेवण्याचा सल्ला दिला आणि तिने तो मानला. त्यावर कर्ज फिटले, मे युरोपात चित्रकला शिकली, अ‍ॅनाला घर मिळाले. मे ही बहीण १८७९ मध्ये बाळंतपणानंतर वारली तेव्हा तिची तान्ही मुलगी लुइझाने वाढवली. त्याच वर्षी मॅसॅच्युसेट्सने शाळा समितीपुरता बायकांना मताधिकार दिला आणि कॉन्कॉर्डमध्ये पहिले नाव लुइझाने नोंदवले. वडील ४ मार्च १८८८ रोजी वारले आणि दोन दिवसांनी बोस्टनमध्ये तीही गेली. त्याआधी, १८८७ मध्ये, तिने अ‍ॅनाचा मुलगा जॉन याला रीतसर दत्तक घेतले होते. पुस्तकांच्या हक्कांचे नूतनीकरण कायद्याने वारसालाच करता येत असे, आणि मानधन घरातच राहावे अशी तिची व्यवस्था होती.