युतीची किंमत कोणी मोजली?

१९५३च्या संरक्षण करारानंतर अमेरिकी फौजा दक्षिण कोरियात मुक्कामी राहिल्या आणि त्यांच्या तळांभोवती ‘किजीचोन’, म्हणजे छावणीलगतच्या वस्त्या, वाढत गेल्या. १९६१च्या कायद्याने देशात वेश्याव्यवसायाला बंदी होती. तरी पुढच्याच वर्षी सरकारने खास विभाग ठरवून या वस्त्यांना मोकळीक दिली. १९७१मध्ये अमेरिकेने सुमारे २०,००० सैनिक माघारी नेले, तेव्हा उरलेले सैन्य टिकावे म्हणून सरकारने तिथे ‘स्वच्छता मोहीम’ हाती घेतली. स्त्रियांची सक्तीने गुप्तरोग तपासणी होई. संशयितांना कोंडून पेनिसिलिन टोचले जाई. अधिकारी मात्र त्यांना डॉलर मिळवणाऱ्या देशभक्त म्हणून गौरवत.

‘त्या स्वखुशीने आल्या होत्या’ हा आक्षेप इथेच कोलमडतो. दारिद्र्य आणि बारमालकांचे कर्ज यांनी अनेकींचे परतीचे मार्ग बंद केले होते. पण एखादी आपणहून आली असली, तरी तिला कोंडण्याचा अधिकार शासनाला मिळत नाही. उत्तर कोरियाचा धोका खरा होता, हेही मान्य. मात्र धोका साऱ्या देशाला होता आणि किंमत या स्त्रियांच्या शरीरातून वसूल झाली. २०१४मध्ये १२२ जणींनी सरकारवर दावा लावला. २९ सप्टेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने शासनाला जबाबदार धरून भरपाई कायम केली. म्हणून संरक्षण करार तपासताना सैनिक आणि शस्त्रे मोजून भागत नाही. छावणीच्या दाराबाहेरच्या स्त्रीचे काय झाले, हेही विचारायलाच हवे.