‘व्हेगस’ : एका शरीररचनाशास्त्रीय संज्ञेचा अर्थ आणि व्यवहार

प्रास्ताविक

शरीररचनाशास्त्रातील संज्ञा पाठ करण्याची परंपरा जुनी आहे; त्यांचा अर्थ विचारण्याची मात्र फारशी पद्धत नाही. मेंदूतून निघणाऱ्या मज्जातंतूंच्या बारा जोड्यांची नावे विद्यार्थी एखाद्या यमकाच्या आधाराने लक्षात ठेवतो आणि परीक्षेनंतर ती नावे केवळ क्रमांक होऊन राहतात. दहाव्या जोडीचे नाव ‘व्हेगस’. प्रस्तुत लेखात या एकाच संज्ञेचा विचार करावयाचा आहे. याचे कारण असे की, हे नाव मज्जातंतूचे कार्य सांगत नाही, तो कोणत्या वाटेने जातो हे सांगते. हा भेद लक्षात न घेतल्यास निदानात चूक होऊ शकते आणि भाषांतरातही. आज व्हेगसविषयी जे लोकप्रिय लेखन होत आहे, त्यातील बराचसा गोंधळही येथूनच सुरू होतो.

संज्ञेचा अर्थ

लॅटिन भाषेत ‘व्हेगस’ हे विशेषण असून त्याचा अर्थ भटका, एका ठिकाणी न थांबणारा, असा आहे. इंग्रजीतील ‘व्हेग’ (संदिग्ध) आणि ‘व्हॅगबाँड’ (भटक्या) हे शब्द त्याच धातुकुळातील होत. देवनागरीत ही संज्ञा पुष्कळदा ‘वेगस’ अशी लिहिली जाते आणि मराठी वाचकाला साहजिकच ‘वेग’ आठवतो. या साम्याला भाषाशास्त्रीय आधार नाही. शिवाय हृदयाच्या बाबतीत हा मज्जातंतू वेग वाढवीत नाही, कमी करतो. एवढ्याच कारणासाठी ‘व्हेगस’ हे लेखन अधिक श्रेयस्कर मानावे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात गेलन याने मेंदूतून निघणाऱ्या मज्जातंतूंच्या सात जोड्या मानल्या. आज आपण ज्याला व्हेगस म्हणतो तो त्याच्या सहाव्या जोडीत शेजारच्या तंतूंसह समाविष्ट होता. १६६४ मध्ये टॉमस विलिस याने नऊ जोड्यांची मांडणी केली. तीत आठवी जोडी ‘पार व्हेगम’, म्हणजे ‘भटकी जोडी’, या नावाने येते. बारा जोड्यांची आजची मांडणी १७७८ मध्ये सोमेरिंग याने केली आणि व्हेगसला दहावा क्रमांक मिळाला. क्रमांक असे बदलत गेले, पण भटकेपणाचा उल्लेख टिकून राहिला.

एकोणिसाव्या शतकात या नावाला एक प्रतिस्पर्धी होता. फुप्फुस आणि जठर या दोन अवयवांवरून ‘न्यूमोगॅस्ट्रिक’ असे नाव प्रचारात आले आणि १८५८ च्या ग्रे यांच्या प्रसिद्ध ग्रंथातही ते आढळते. वरकरणी हे नाव अधिक ‘शास्त्रीय’ वाटते, कारण ते अवयवांशी नाते जोडते. परंतु त्यात हृदय नाही, स्वरयंत्र नाही, आतडे नाही, कानही नाही. निवडक अवयवांचे नाव दिले की उरलेले अवयव नावाबाहेर पडतात, हा त्यातील मूळ दोष होय. १८९५ मध्ये बाझेल येथे शरीररचनेच्या नावांची अधिकृत यादी संमत झाली. तेव्हा ‘नर्व्हस व्हेगस’ हेच नाव स्वीकारले गेले आणि १९९८ च्या आंतरराष्ट्रीय परिभाषेतही तेच आहे.

मार्ग

नाव मार्गावरून पडले असल्याने मार्ग पाहणे क्रमप्राप्त आहे. लंबमज्जेतून निघून व्हेगस कवटीच्या तळाशी असलेल्या छिद्रातून बाहेर पडतो. मानेत तो मोठी धमनी आणि मोठी शीर यांच्यासह एकाच आवरणातून खाली उतरतो. छातीत हृदय व फुप्फुसे यांना शाखा देऊन तो अन्ननलिकेभोवती जाळे विणतो, तिच्याबरोबरच श्वासपटल ओलांडतो आणि जठर, यकृत, लहान आतडे असे करीत मोठ्या आतड्याच्या आडव्या भागापर्यंत पोहोचतो. डोक्यात उगम पावून ओटीपोटाच्या वेशीपर्यंत जाणारा असा दुसरा मज्जातंतू या बारांत नाही. त्याची एक लहानशी शाखा मागे वळून बाह्यकर्णनलिकेच्या त्वचेलाही जाते. कानात काडी घालताच काही जणांना खोकल्याची उबळ येते ती या शाखेमुळे. घशाचा आणि कानाचा संबंध काय, असे विचारणाऱ्यास ‘भटका’ हा एक शब्द पुरेसे उत्तर देतो.

मात्र या भटकंतीतील सर्वांत महत्त्वाचा टप्पा छातीत आहे. स्वरयंत्राच्या बहुतेक स्नायूंना हालचाल देणारी शाखा मानेत सुटत नाही. ती स्वरयंत्राला मागे टाकून व्हेगसबरोबर खाली येते आणि मग वळसा घेऊन पुन्हा वर चढते. म्हणून तिला ‘रिकरंट लॅरिंजियल’, म्हणजे माघारी फिरणारा स्वरयंत्र-मज्जातंतू, असे म्हणतात. उजवीकडे हा वळसा उजव्या हाताकडे जाणाऱ्या मुख्य धमनीखालून होतो. डावीकडे तो थेट छातीत, महाधमनीच्या कमानीखालून होतो. याचे कारण गर्भावस्थेत सापडते. गर्भात हृदय आणि त्याच्या धमन्या प्रथम मानेच्या पातळीवर असतात आणि मज्जातंतू त्यांच्या खालून सरळ स्वरयंत्राकडे जातो. पुढे हृदय छातीत उतरते तेव्हा धमनीत अडकलेला तंतूही तिच्याबरोबर खाली ओढला जातो. जिराफात याच कारणाने ही शाखा कित्येक मीटर लांबीची होते, हे उदाहरण प्रसिद्धच आहे. गेलनने ही शाखा ओळखली होती. रोममधील जाहीर प्रात्यक्षिकांत किंचाळणाऱ्या डुकराचे हे तंतू त्याने बांधले वा कापले की किंचाळणे थांबे. आवाजावर मेंदूचा ताबा असतो, हृदयाचा नाही, हे त्याला त्यातून दाखवावयाचे होते.

आता नावाचा अर्थ समजण्याने काय साधते ते पाहू. एखाद्या व्यक्तीचा आवाज अनेक आठवडे घोगरा आहे; घशात सूज नाही, सर्दी नाही; तपासणीत डावी स्वररज्जू हलत नाही. ज्याने या मज्जातंतूला केवळ ‘आवाजाचा तंतू’ म्हणून ओळखले आहे, तो घशातच घोटाळत राहील. ज्याने वाट लक्षात ठेवली आहे, तो छातीची प्रतिमा मागवील, कारण दोष त्या वळशाजवळ असू शकतो. डाव्या फुप्फुसाचा कर्करोग, महाधमनीचा फुगवटा, तेथील ग्रंथींची सूज अशी कारणे संभवतात. १८९७ मध्ये ऑर्टनर याने हृदयाची झडप अरुंद झाल्यामुळे डावा कर्णिका-कप्पा फुगलेल्या रुग्णांत असाच घोगरेपणा नोंदविला. संधिवाती तापानंतरचा झडपांचा विकार आपल्या देशातून अद्याप गेलेला नाही. त्यामुळे ही नोंद येथे केवळ ऐतिहासिक कुतूहलाची नाही. अवटू ग्रंथीच्या शस्त्रक्रियेत तर हीच शाखा शल्यविशारदाच्या हाताशी असते आणि तिला जपण्यासाठी ती आधी शोधून डोळ्यांसमोर ठेवावी लागते.

साधित संज्ञा

व्हेगसपासून तयार झालेल्या संज्ञा मात्र कार्यवाचक आहेत आणि तेथे सावधगिरी हवी. वेबर बंधूंनी १८४५ मध्ये दाखविले की व्हेगसला उद्दीपन दिल्यास हृदयाची गती मंदावते. ऑटो लोवी याने १९२१ मध्ये बेडकाच्या एका हृदयाचा व्हेगस उद्दीपित केला आणि त्या हृदयाभोवतीचा द्रव दुसऱ्या हृदयास दिला, दुसरेही मंदावले. त्या अज्ञात द्रव्याला त्याने ‘व्हेगसश्टोफ’ म्हटले. तेच पुढे ॲसिटिलकोलीन म्हणून ओळखले गेले आणि १९३६ चे नोबेल पारितोषिक लोवी व हेन्री डेल यांना मिळाले. या थोर प्रयोगाचा एक अनिष्ट परिणाम असा की, व्हेगस म्हणजे ‘हृदय शांत करणारा तंतू’ ही प्रतिमा रूढ झाली. वस्तुतः त्यातील बहुसंख्य तंतू आज्ञा नेणारे नसून अवयवांची खबर मेंदूकडे आणणारे आहेत. सुमारे चार पंचमांश हा जो आकडा पाठ्यपुस्तकांत येतो, तो मुख्यतः मांजरावरील अभ्यासातून आला आहे.

‘व्हेगल टोन’ या संज्ञेचे ‘व्हेगसचा ताण’ असे भाषांतर वाचनात येते. ते शब्दशः बरोबर असूनही अर्थाने उलटे होते. मराठीत ताण म्हणजे तणाव. येथे अभिप्रेत आहे तो विश्रांत अवस्थेतही चालू असणारा सौम्य प्रभाव. हृदयाची स्वतःची गती मिनिटाला शंभराच्या आसपास असते. ती सत्तरच्या घरात येते ती या प्रभावामुळे. ‘व्हेगसचा स्थायी प्रभाव’ म्हटल्यास गैरसमज टळेल. ‘व्हेजोव्हेगल’ मूर्च्छा ही दुसरी संज्ञा. रक्त पाहून किंवा सुई टोचताच येणाऱ्या घेरीचे हे नाव लुईस याने १९३२ मध्ये रूढ केले. त्यातील ‘व्हेजो’ हा भाग रक्तवाहिन्या सैल पडण्याविषयी आहे आणि तो गाळता येत नाही, कारण औषधाने व्हेगसचा प्रभाव रोखून नाडी वाढविली तरी रक्तदाब खालीच राहतो, हे लुईसनेच नोंदविले होते. ‘व्हेगॉटमी’, म्हणजे व्हेगस छेदन, ही शस्त्रक्रिया ड्रॅगस्टेड याने १९४३ पासून आतड्याच्या व्रणासाठी प्रचारात आणली. आम्लरोधक औषधे आणि हेलिकोबॅक्टर जिवाणूचा शोध यांनंतर ती जवळजवळ मागे पडली. उलट अपस्मारासाठी व्हेगसला विद्युत उद्दीपन देणाऱ्या उपकरणास अमेरिकेत १९९७ मध्ये मान्यता मिळाली. छेदण्याचा तंतू उद्दीपनाचा झाला, नाव तेच राहिले.

मराठी पर्यायाचा प्रश्न

कार्यावरून किंवा कल्पित कार्यावरून अर्थ लावण्याचा मोह आपल्याकडेही झाला आहे. मुंबईचे डॉ. वसंत रेळे यांनी १९२७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या इंग्रजी ग्रंथात हठयोगातील कुंडलिनी म्हणजे उजवा व्हेगस, असे प्रतिपादन केले. गंमत अशी की, त्या ग्रंथाला प्रस्तावना लिहिणारे सर जॉन वुड्रॉफ यांनीच तीत या समीकरणाशी असहमती नोंदविली. रेळे यांचा प्रयत्न प्रामाणिक होता. परंतु एका शास्त्राची संज्ञा दुसऱ्या परंपरेतील संकल्पनेवर बसविताना दोहोंचेही नुकसान होते. आयुर्वेदाच्या शारीर विषयात आढळणारे ‘प्राणदा नाडी’ हे नाव सुंदर आहे, पण तेही कार्यवाचक आहे. शिवाय सामान्य मराठीत ‘नाडी’ म्हणजे मनगटावर लागणारे ठोके.

‘नर्व्ह’ या शब्दालाच मराठीत तीन प्रतिशब्द आहेत : शालेय पुस्तकांत ‘चेता’, कोशांत ‘तंत्रिका’, बोलण्यात ‘मज्जातंतू’. रुग्ण यांपैकी एकही वापरत नाही. तो ‘नस’ म्हणतो आणि नस म्हणजे रक्तवाहिनीही असते. अवटूच्या शस्त्रक्रियेपूर्वी ‘आवाजाच्या नसेला इजा होऊ शकते’ असे सांगितले, तर नातेवाईक रक्तस्रावाची चौकशी करतात. तेव्हा संमतिपत्रावर ‘आवाजाची हालचाल करणारा मज्जातंतू, ही रक्ताची नस नव्हे’ एवढे लिहावे. वर्गात मात्र ‘व्हेगस’ हीच संज्ञा ठेवून प्रथम उल्लेखाच्या वेळी ‘भ्रमणशील मज्जातंतू’ असा अर्थ द्यावा आणि फळ्यावर डाव्या बाजूचा तो वळसा काढून दाखवावा.