राखेचा परीघ आणि धुराचा परीघ

१९०५ साली वऱ्हाडातील बाशीम (आजचा वाशीम) जिल्हा मोडून त्याचे तालुके अकोला व यवतमाळ यांत वाटले गेले, आणि १ जुलै १९९८ रोजी अकोल्यापासून विभक्त होऊन वाशीम पुनश्च जिल्हा झाला. सरहद्दी अशा हुकुमांनी मिटतात व उमटतात, परंतु धुरास कोणत्याही हुकुमाची तमा नसते. वाशीम जिल्ह्यात दगडी कोळशावरचे मोठे वीजकेंद्र नाही. मात्र अकोला जिल्ह्याच्या बाळापूर तालुक्यातील पारसचे केंद्र, प्रत्येकी २५० मेगावॉटच्या दोन संचांचे, वाशीम शहरापासून सरळ रेषेत शंभर किलोमीटरांच्या आत आहे. असे केंद्र भोवतालच्या मुलखाचे काय देणे लागते, आणि हा भोवताल कायदा कोठवर मोजतो, हा प्रश्न म्हणूनच वाशीमकरांचाही आहे.

कायद्याची इमारत भक्कम दिसते. १९७४ चा जलप्रदूषणाचा, १९८१ चा वायुप्रदूषणाचा आणि १९८६ चा पर्यावरण संरक्षणाचा असे तीन अधिनियम आहेत. राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या संमतीपत्राविना केंद्र चालविता येत नाही, आणि शर्तभंग झाल्यास ते बंद करण्याचा अधिकारही शासनास आहे. ७ डिसेंबर २०१५ च्या अधिसूचनेने तर आकडेच बांधून दिले: २००४ ते २०१६ दरम्यान उभ्या राहिलेल्या ५०० मेगावॉटहून लहान संचाच्या धुरात, दर घनमीटरास धूलिकण ५० मिलिग्रॅम आणि सल्फर डायऑक्साइड ६०० मिलिग्रॅम, याहून अधिक नसावे. पालनास दोन वर्षांची मुदत होती. ती वाढत वाढत गेली.

२०२१ मध्ये केंद्रांची वर्गवारी झाली. राष्ट्रीय राजधानी क्षेत्रापासून किंवा दहा लाखांवर वस्तीच्या शहरापासून १० किलोमीटरांच्या आत असलेली केंद्रे पहिल्या वर्गात, अतिप्रदूषित क्षेत्रांलगतची किंवा हवेची मानके न गाठलेल्या शहरांलगतची दुसऱ्यात, उरलेली तिसऱ्यात. २०११ च्या खानेसुमारीत अकोला शहराची वस्ती सव्वाचार लाखांच्या आसपास भरली, तेव्हा पारस पहिल्या वर्गात येत नाही; ते तिसऱ्या वर्गात पडते. ११ जुलै २०२५ च्या अधिसूचनेने या तिसऱ्या वर्गास सल्फर डायऑक्साइडच्या मर्यादेतून सूट दिली. अट एकच, चिमणीची उंची नियमानुसार असावी.

चिमणी मात्र वायू नष्ट करीत नाही, तो दूर पाठविते. सुमारे २२० मीटर उंचीवरून सुटलेला सल्फर डायऑक्साइड वाऱ्याबरोबर जाताना हवेत सूक्ष्म सल्फेट कणांत पालटतो, आणि हे कण शेकडो किलोमीटर प्रवास करू शकतात. म्हणजे जवळच्यांचा भार हलका करण्याचा हा उपाय दूरच्यांच्या माथी तो भार थोडाथोडा वाटून देतो.

याउलट राखेचा हिशेब पाहावा. १९९९ मध्ये केंद्राभोवती ५० किलोमीटरांच्या परिघात बांधकामाच्या विटांत राख मिसळण्याची सक्ती झाली. २००३ मध्ये तो परीघ १००, आणि २०१६ मध्ये ३०० किलोमीटर झाला. जुलै २०२२ मध्ये नागपूरजवळील खसाळ्याचा राखेचा बंधारा फुटून गाळ शेतांत शिरला, त्यावरून राखेचा निपटारा किती निकडीचा आहे हे उमगते. परंतु विसंगती नजरेआड करता येत नाही: राख खपविताना वाशीम पारसच्या शेजारात मोडते; धुराचे दायित्व मोजताना मात्र शेजार दहा किलोमीटरांवर संपतो, आणि तोही महानगर किंवा अतिप्रदूषित असेल तरच.

हे अटळ आहे असे नव्हे. ठाणे जिल्ह्यातील (आता पालघर) डहाणूच्या केंद्राचे संचही पारसइतकेच, २५० मेगावॉटचे दोन. तेथे १९९१ च्या अधिसूचनेने तालुका पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील ठरला, आणि १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांच्या अध्यक्षतेखाली डहाणू तालुका पर्यावरण संरक्षण प्राधिकरण स्थापन झाले. त्याने १९९९ मध्ये धुरातील गंधकवायू काढून टाकणारी यंत्रणा बसविण्याचा आदेश दिला. केंद्र चालविणाऱ्या कंपनीने चालढकल केली, तरी प्राधिकरण हटले नाही, आणि २००७ मध्ये ती यंत्रणा सुरू झाली. डहाणूच्या चिकूच्या बागांना जे लाभले ते महानगराच्या सान्निध्याने नव्हे, तर त्याच मुलखासाठी नेमलेल्या एका चिवट राखणदारामुळे.

म्हणून वाशीम-अकोल्याच्या सोयाबीन-तुरीच्या मुलखाने मागायचे ते हेच: धुराचा परीघ वस्तीच्या आकड्याने नव्हे, वाऱ्याच्या मोजमापाने ठरावा, आणि पारसवर देखरेखीसाठी स्थानिक प्राधिकरण नेमून त्यात दोन्ही जिल्ह्यांच्या शेतकऱ्यांस जागा असावी. राखेसाठी ३०० किलोमीटरांचा शेजार मान्य करणाऱ्या शासनास हे तत्त्व नवे नाही. ते धुरास लावायचे एवढेच बाकी आहे.