तबलिगी जमात : प्रसाराची पद्धती आणि नेतृत्वाचा प्रश्न

रायगड जिल्ह्यातील पेण-रोहे परिसरातील गागोदे बुद्रुक हे गाव विनोबा भावे यांचे जन्मस्थान (१८९५) म्हणून सर्वपरिचित आहे. फाळणीच्या काळात विस्थापित झालेल्या मेव मुसलमानांच्या पुनर्वसनासाठी विनोबांनी १९४८ साली दिल्लीच्या दक्षिणेकडील मेवात प्रदेशात कार्य केले. त्याच मेवातात सुमारे दोन दशके अगोदर तबलिगी जमात ही इस्लामी धर्मप्रसाराची चळवळ उदयास आली होती. तिच्याविषयी आपल्याकडे ऐकीव मतेच अधिक आहेत. यास्तव तिचा इतिहास व नेतृत्व यांचा विचार आम्ही येथे करीत आहोत.

मेव समाज धर्माने मुसलमान असला तरी गोत्र, विवाहविधी व सण यांबाबत जुन्या चालीरीती पाळीत असे. १९२३च्या सुमारास आर्य समाजाच्या शुद्धी चळवळीने जोर धरला, तेव्हा मुस्लिम धर्मपंडितांना अशा समाजांची चिंता वाटू लागली. देवबंद येथे शिकलेले मौलाना मुहम्मद इलियास कांधलवी (१८८५–१९४४) यांनी मेवातात प्रथम मदरसे काढले. परंतु मदरशात मुले येतात, कष्टकरी प्रौढ येत नाही, हे त्यांच्या ध्यानी आले. म्हणून १९२६च्या सुमारास त्यांनी सामान्य माणसालाच प्रचारक करण्याची पद्धत अवलंबिली.

या पद्धतीत सहा तत्त्वे आहेत : कलमा, नमाज, ज्ञान व ईशस्मरण, मुसलमानाचा आदर, हेतूची शुद्धता आणि प्रसारासाठी वेळ देणे. महिन्यातून तीन दिवस, वर्षातून चाळीस दिवस माणसे स्वखर्चाने गावोगाव जातात व मशिदीत मुक्काम करतात. येथे लक्षात घ्यावयाचे ते हे की, हा प्रचार मुख्यत्वे मुसलमानांमध्येच चालतो.

इलियास यांच्यानंतर त्यांचे पुत्र मौलाना युसूफ यांनी १९६५पर्यंत धुरा वाहिली व कार्य अनेक देशांत नेले. नंतर त्याच आप्तपरिवारातील मौलाना इनामुल हसन तीस वर्षे प्रमुख होते. १९९५ साली ते निवर्तले, तेव्हा एका प्रमुखाऐवजी सामूहिक व्यवस्था स्वीकारण्यात आली. पुढे युसूफ यांचे नातू मौलाना साद हे प्रमुख म्हणून पुढे आले. २०१५ साली पाकिस्तानातील रायविंड येथे सल्लागार मंडळाचा विस्तार करण्यात आला, तो त्यांनी मानला नाही. परिणामी चळवळ दुभंगली. २०१८च्या डिसेंबरमध्ये बांगलादेशातील टोंगी येथे दोन्ही गटांत हिंसक संघर्षही झाला.

मार्च २०२०मध्ये दिल्लीतील निजामुद्दीन केंद्रातील मेळाव्यावरून कोरोनाच्या फैलावाचा दोष साऱ्या जमातीवर ठेवण्यात आला. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ऑगस्ट २०२०मध्ये २९ परदेशी नागरिकांवरील गुन्हे रद्द केले आणि त्यांना बळीचे बकरे करण्यात आले असण्याची शक्यता नमूद करून प्रसारमाध्यमांच्या अपप्रचारावरही ताशेरे ओढले.

सारांश, लेखी सभासदत्वावाचून सामान्य माणसाला शिस्त लावणे हे या चळवळीचे बळ होय. उत्तराधिकाराचा सर्वमान्य नियम नसणे हे तिचे दौर्बल्य होय. तिचे परीक्षण अवश्य व्हावे. मात्र ते अफवेच्या नव्हे, वस्तुस्थितीच्या आधारे व्हावे, असे आम्हास वाटते.