जिन्याखालची किणकिण

बालमित्रांनो, तुमच्या घरात जिना आहे का? असला तर त्याच्याखाली काय काय ठेवलंय, जरा आठवून बघा. वर्तमानपत्रांची रद्दी, मोडकी सायकल, एखादा जुना पत्र्याचा डबा, हो ना? पण इंग्लंडमध्ये, लंडनच्या आग्नेयेला असलेल्या केंट परगण्यात, एका घराच्या जिन्याखाली चक्क एक संगीतरचना तयार झाली! आणि ती पुढे ब्रिटनभर वाजली.

ही गोष्ट आहे दोन सख्ख्या भावांची. थोरला फिल हार्टनॉल, जन्म १९६४ सालचा. धाकटा पॉल, १९६८ सालचा. दोघांनाही यंत्रांतून निघणाऱ्या सुरांचं भारी वेड. १९८९ साली त्यांच्याजवळ ना मोठा स्टुडिओ होता, ना वाद्यवृंद. होती ती थोडीशी इलेक्ट्रॉनिक यंत्रं आणि वडिलांचा कॅसेट रेकॉर्डर. (कॅसेट म्हणजे काय, ते आई-बाबांना विचारा. ते खूश होऊन सांगतील!) त्या कॅसेटवर त्यांनी जी रचना उतरवली, तिचं नाव ‘चाइम’, म्हणजे घंटेची किणकिण.

चौकटीच्या वहीतलं संगीत

आता तुम्ही विचाराल, यंत्रातून संगीत येतं तरी कसं? तुमची गणिताची चौकटीची वही घ्या. एका ओळीत १६ चौकटी मोजा. पहिल्या, पाचव्या, नवव्या आणि तेराव्या चौकटीत ‘धम्’ असं लिहा. खालच्या ओळीत अधल्यामधल्या चौकटींत ‘टिक्’ लिहा. आता दोघांनी एकेक ओळ वाटून घ्या आणि मनात सारख्या वेगाने आकडे मोजत ती वाचा. सोळा संपले की पुन्हा पहिल्यापासून. झाला की नाही ठेका तयार?

‘सीक्वेन्सर’ नावाचं यंत्र नेमकं हेच करतं. ते न थकता, न चुकता चौकटी वाचत राहतं. ‘सिंथेसायझर’ विजेच्या साहाय्याने निरनिराळे आवाज तयार करतो. ‘सॅम्पलर’ आवाजाचा एखादा तुकडा टिपून ठेवतो आणि हवा तेव्हा ऐकवतो. पण कुठल्या चौकटीत काय भरायचं आणि कुठली मोकळी ठेवायची, हे मात्र माणसालाच ठरवावं लागतं बरं का!

डिसेंबर १९८९ मध्ये ‘चाइम’ची तबकडी निघाली. काही महिन्यांनी एका मोठ्या कंपनीने ती पुन्हा काढली आणि ब्रिटनमधल्या खपाच्या यादीत ती १७ व्या क्रमांकापर्यंत गेली. भावांनी जोडीचं नाव ठेवलं ‘ऑर्बिटल’. लंडनभोवती सुमारे १८८ किलोमीटरचा एक गोल रस्ता आहे, एम-२५. त्याला म्हणतात लंडन ऑर्बिटल. त्या काळात तरुण मुलं याच रस्त्याने गावाबाहेरच्या नाचाच्या मेळाव्यांना जात. तेच नाव या दोघांनी उचललं.

१९९० साली त्यांना ‘टॉप ऑफ द पॉप्स’ या टीव्हीवरच्या प्रसिद्ध कार्यक्रमात बोलावणं आलं. दोघं गेले ते डोईपट्टीचा निषेध छापलेले टी-शर्ट घालून! एकाच गावातल्या श्रीमंतावर आणि मजुरावर सारखाच कर लावणारी ही पट्टी ब्रिटनमध्ये फार नावडती झाली होती. १९९३ मध्ये सरकारने ती बदलली.

डोळ्यांवर विजेऱ्या

त्यांच्या पहिल्या दोन्ही अल्बमचं नाव एकच, ‘ऑर्बिटल’. म्हणून लोक १९९१ च्या अल्बमला हिरवा आणि १९९३ च्या अल्बमला तपकिरी म्हणू लागले. गंमत म्हणजे दोन्हींची सुरुवातही त्यांनी मुद्दाम सारखीच केली. ऐकणाऱ्याला वाटावं, दुकानदाराने चुकून जुनाच अल्बम दिला की काय!

१९९४ साली ग्लॅस्टनबरीच्या महोत्सवात त्यांनी वाजवलं. हा महोत्सव सॉमरसेट परगण्यातल्या एका दुग्धशाळेच्या कुरणात भरतो. अंधारात यंत्रांची बटणं दिसावीत म्हणून दोघं चष्म्याच्या दोन्ही बाजूंना छोट्या विजेऱ्या लावत. काळोखात लुकलुकणारे ते चार दिवे म्हणजे पुढे त्यांची ओळखच होऊन बसली. रंगमंचावर ते नुसती तयार टेप लावत नसत. कुठला ठेका किती वेळ चालवायचा, कुठला आवाज कधी थांबवायचा, हे ते तिथल्या तिथे ठरवत. म्हणजे एकाला दुसऱ्याकडे सतत कान द्यावा लागे.

१९९६ च्या ‘इन साइड्स’ या अल्बममधली एक रचना तर त्यांनी निव्वळ सूर्यप्रकाशापासून केलेल्या विजेवर ध्वनिमुद्रित केली. ‘ग्रीनपीस’ या पर्यावरण संस्थेचं फिरतं सौरयंत्र त्यासाठी वापरलं होतं.

कट्टी आणि बट्टी

आणि मग २००४ साली ही जोडी फुटली. दोघं आपापलं संगीत करू लागले. २००९ मध्ये पुन्हा एकत्र आले. २९ ऑगस्ट २०१२ रोजी लंडनला दिव्यांग खेळाडूंच्या पॅरालिम्पिक स्पर्धांचं उद्घाटन झालं. तेव्हा त्यांच्या संगीताबरोबर थोर शास्त्रज्ञ स्टीफन हॉकिंग यांचा आवाज घुमला. आजारपणामुळे हॉकिंग यांची वाचा गेली होती, ते संगणकाच्या आवाजात बोलत. यंत्रातलं संगीत आणि यंत्रातून बोलणारा माणूस, अशी ती भेट होती.

दोनच वर्षांनी, २०१४ मध्ये, जोडी दुसऱ्यांदा फुटली. आता संपलंच, असं सगळ्यांना वाटलं. पण २०१७ मध्ये दोघे भाऊ पुन्हा त्या यंत्रांमागे उभे राहिले. २०१८ मध्ये नवा अल्बम आला आणि २०२३ मध्ये त्यांचा दहावा अल्बम निघाला. तोवर ‘चाइम’ला ३३ वर्षं होऊन गेली होती.

मुलांनो, हे वाचून मला आमचं लहानपण आठवलं. घरात एकच टेपरेकॉर्डर होता. माझ्या लाडक्या गाण्यांच्या कॅसेटवर माझ्या भावाने क्रिकेटची कॉमेंट्री टेप केली. झालं! आठवडाभर अबोला. शेवटी आईने एक कोरी कॅसेट आणून मध्ये ठेवली. तिच्यावर आम्ही दोघांनी मिळून ‘आमचं आकाशवाणी केंद्र’ टेप केलं. बातम्या त्याच्या, गाणी माझी. ती कॅसेट आजही कपाटात आहे. तिच्यात अधूनमधून आमचं भांडणही ऐकू येतं, आणि आता तेच सगळ्यांत गोड वाटतं.

आई-बाबांनाही एक सांगणं आहे. मुलं डबे वाजवायला लागली की आपण चटकन ‘गोंगाट बंद करा’ म्हणतो. जरा पाच मिनिटं थांबून बघा. तो गोंगाट ठेक्यात येतोय का, ते ऐका.

आणि मुलांनो, तुमची कुणाशी कट्टी असेल, तर आज चौकटीची वही घेऊन त्याच्याकडे जा. एक ओळ तुमची, एक त्याची. बोलला नाही तरी चालेल. फक्त म्हणा, “धम् तुझं, टिक् माझं!”